शीर्षकगीत कापू नका

संपादक महाशय,
सप्रेम नमस्कार.

आपल्या रविवारच्या पुरवणीत एका वाचकाचं पत्र आलं होतं. जुन्या मराठी मालिकांच्या आठवणी काढणाऱ्यांना रिकामा वेळ फार आहे, त्या मालिका म्हणजे नुसती बायकांची रडारड होती, आणि आज मोबाईलवर जगभरचं पाहायला मिळत असताना ते उकरून काढण्यात अर्थ नाही, असा त्या पत्राचा सूर होता. पत्र दोनदा वाचलं. उत्तर द्यावं की नको याचा चार दिवस विचार केला. लिहितोय, कारण या विषयातलं मला थोडं कळतं. १९९६ ते २०१७ अशी एकवीस वर्षं मी गोव्यातल्या फोंडा तालुक्यात सावईवेरे, केरी, वळवई या बाजूला केबलचा धंदा केला. कुठल्या घरात काय पाहिलं जातं आणि चित्र गेलं की पहिली हाक कुठल्या दारातून येते, हे मला घरपट्टीच्या वहीपेक्षा जास्त पाठ होतं.

आधी धंद्यातली एक गोष्ट सांगतो, तिच्याशिवाय पुढचं कळायचं नाही. त्या काळी आमच्या कंट्रोल रूममध्ये प्रत्येक चॅनलसाठी एक रिसीव्हर आणि एक मॉड्युलेटर लागायचा. छपरावरची छत्री उपग्रहावरून चॅनल पकडायची, रिसीव्हर ते उलगडायचा आणि मॉड्युलेटर ते एका ठरावीक नंबरवर बसवून तारेत सोडायचा. जितके मॉड्युलेटर तितकी चॅनलं. १९९९ साली माझ्याकडे चौदा होते. त्यातले दोन दूरदर्शनसाठी ठेवावेच लागत, तसा कायदाच होता. त्यामुळे १५ ऑगस्ट १९९९ ला अल्फा टीव्ही मराठी (आजचं झी मराठी) सुरू झालं, तेव्हा माझ्याकडे ते लावायला जागाच नव्हती. नवी जोडी घ्यायची म्हणजे माझी दोन महिन्यांची कमाई. मी गप्प बसलो.

त्या वर्षीची दिवाळी झाली आणि एका सकाळी आमच्या वाड्यावरच्या, म्हणजे वस्तीतल्या, एक काकी माझ्या दारात उभ्या राहिल्या. हातात नातीच्या शाळेच्या वहीतलं फाडलेलं पान. त्यावर एकतीस नावं. नातीने सगळी नावं सुवाच्य अक्षरात लिहून काढली होती आणि ज्यांना सही येत नव्हती त्यांचे अंगठे घेतले होते. पहिला अंगठा काकींचा. त्या आपल्या लेकीकडे मुंबईला महिनाभर राहून आल्या होत्या आणि तिथे त्यांनी अल्फावरची 'आभाळमाया' ही मालिका पाहिली होती. परत आल्यावर पुढे काय झालं ते कळेना. म्हणाल्या, 'बाबू, तें चॅनल आमकां जाय.' म्हणजे ते चॅनल आम्हाला हवंय. मी म्हटलं, काकी, दुसरं एखादं काढावं लागेल. त्या म्हणाल्या, काढ. कुठलं काढ हे त्यांनी सांगितलं नाही, तो माझा प्रश्न होता.

मी इंग्रजी सिनेमांचं एक चॅनल काढलं. तिठ्यावरची पोरं महिनाभर मला बोलत होती. दोघांनी तर कनेक्शन सोडलं. पण त्या एकतीस घरांतून पुढच्या वर्षभरात एकही माणूस पैसे द्यायला उशीर लावत नव्हता, हेही लिहून ठेवतो.

तर 'रडारड' या शब्दाबद्दल. 'आभाळमाया'तली सुधा जोशी रडत बसणारी बाई नव्हती. सुकन्या कुलकर्णींनी ती अशी उभी केली की आमच्या भागातल्या बायका तिच्याबद्दल शेजारणीबद्दल बोलावं तसं बोलायच्या. प्राध्यापिका, दोन मुलींची आई, आणि नवऱ्याच्या आयुष्यात दुसरी बाई आल्यावर आपल्या पायांवर उभी राहणारी. तिचा नवरा शरद जोशी झालेले मनोज जोशीही तितकेच खरे. त्या माणसाचा रागही यायचा आणि तो समोर आला की ऐकूनही घ्यावंसं वाटायचं. आमच्याकडे कुळागरांत, म्हणजे पोफळीच्या बागांत, सुपाऱ्या सोलायला बायका एकत्र बसतात. मी तार ओढायला, जोड तपासायला तिथून जायचो. एका बसक्यात सुधाने शरदला माफ करावं की नाही यावर तीन तास बोलणं चाललेलं मी माझ्या कानांनी ऐकलंय.

त्या बायकांत एक अशी होती की तिचा नवरा बाहेर नोकरीला गेला तो परत आलाच नाही, तिकडेच त्याने संसार मांडला. गाव सगळं जाणून होतं, पण तिच्यासमोर तो विषय कुणी काढायचं नाही. दहा वर्षं कुणी काढला नव्हता. सुधाच्या निमित्ताने तो निघाला. कुणी तिचं नाव घेतलं नाही, सगळ्या 'सुधा' 'सुधा' म्हणत होत्या, पण बोलत होत्या तिच्याशी. आणि तीही बोलली. सुधाने नोकरी होती म्हणून केलं, ज्या बाईला नोकरी नाही तिने काय करावं, असं ती म्हणाली. मी कात्री हातात घेऊन पोफळीच्या आड उभा होतो, पुढे जायची हिंमत झाली नाही. त्यानंतर चारपाच महिन्यांत तिने वाड्यावर घरगुती लोणच्याचा आणि सोलांचा धंदा सुरू केला. मालिकेमुळे केला असं मी म्हणत नाही. पण त्या दुपारी जे बोलणं झालं ते मालिका नसती तर झालं नसतं, हे मी शपथेवर सांगेन.

आता शीर्षकगीताबद्दल सांगायचंय, आणि ते जरा सविस्तर सांगू द्या. 'आभाळमाया'चं गाणं लिहिलं मंगेश कुळकर्णींनी, चाल अशोक पत्कींची, आवाज देवकी पंडितांचा. ते गाणं सुरू झालं की आमच्या वाड्यावर काय व्हायचं ते पाहायला हवं होतं. गोठ्यातून, मागच्या दारातून, विहिरीवरून, ज्या जिथे असतील तिथून बायका हात पुसत सोप्यावर यायच्या. घड्याळ बघून कुणी येत नसे. गाणं हीच घंटा. तेवढ्या वेळात चुलीवरचं भांडं उतरायचं, पोराला मांडीवर घ्यायचं, जमिनीवर जागा करायची, पुढच्याला 'सर गे' म्हणायचं. गाणं संपता संपता सगळ्या स्थिर. म्हणजे ते गाणं मालिकेच्या आधीचं नव्हतंच, ते मालिकेचंच होतं.

आमच्या भजनी मंडळात एक हार्मोनियम वाजवणारे गुरुजी होते, आता नाहीत. ते मालिका पाहायचे नाहीत, पण गाणं ऐकायला दारात येऊन उभे राहायचे आणि संपलं की घरी जायचे. एकदा मला म्हणाले, हा गळा आपल्याकडच्या माणसांनी तयार केलेला आहे, तुला ठाऊक आहे? देवकीताई पं. जितेंद्र अभिषेकींकडे शिकल्या, म्हणजे आमच्या शेजारच्या मंगेशीच्या बुवांकडे. किशोरीताई आमोणकरांकडेही शिकल्या, आणि किशोरीताईंच्या आई मोगूबाई कुर्डीच्या, जे गाव पुढे साळावलीच्या धरणात गेलं. गुरुजींनी हे सांगितल्यावर मी ते गाणं वेगळ्या कानांनी ऐकायला लागलो. आणि पत्कींचं तर आमच्यावर वेगळंच ऋण आहे. 'अंतर्नाद' या कोकणी चित्रपटाच्या संगीतासाठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. मुंबईत बसून केलेल्या त्या शीर्षकगीताला आमच्या मातीची मुळं होती, एवढंच मला म्हणायचंय. बाहेरून आलेलं काहीतरी आमच्यावर पडत होतं, असं नव्हतं.

हे पटायला आणखी एक गोष्ट सांगतो. आमच्या घरात कोकणी. शेजारीपाजारी कोकणी. मराठी होती ती पोथीत, आरतीत, भजनात, शाळेच्या पुस्तकात आणि जत्रेच्या नाटकात. जत्रेला रात्रभर संगीत नाटक व्हायचं, गावचीच माणसं राजा-प्रधान व्हायची, आणि स्टेजवरची ती मराठी भरजरी शेल्यासारखी असायची. सुंदर, पण रोज अंगावर घेता न येणारी. दूध उतू गेलं तर मराठीत काय ओरडतात, बायको नवऱ्यावर रुसली की मराठीत किती शब्द बोलते आणि कुठे थांबते, हे आमच्या वाड्यावर पहिल्यांदा आलं ते या मालिकांतून. भाषावादात मला पडायचं नाही, दोन्ही भाषा माझ्या आहेत. एका प्राथमिक शाळेतल्या बाई मला बिल देताना म्हणाल्या होत्या, 'तुमच्या त्या तारेमुळे माझी पंचाईत झालीय. आतापर्यंत मुली निबंधात "मी बाजारात जात आहे" असं लिहायच्या. आता लिहितात "मी बाजारात चाललेय". खोडू की ठेवू?' मी काय सांगणार? पण पुढच्या महिन्यात त्यांनीच सांगितलं की ठेवलं. मुली आता पाठ केलेलं लिहीत नाहीत, मनातलं लिहितात, असं त्यांचं म्हणणं होतं.

चित्र जाण्याच्या रात्री मला सगळ्यात जास्त आठवतात. तुम्ही शहरात राहता, आमच्या भागातली लाईन कशी होती ते सांगतो. खांब कमी. तार माडा-पोफळींवरून आणि आंब्यांवरून नेलेली. माकडं तिच्यावर झोके घ्यायची. आंब्यावर चढलं की हुमले, म्हणजे लाल मुंग्या, अंगभर डसायचे. दर काहीशे मीटरवर एक अॅम्प्लिफायर, कारण तार लांबली की सिग्नल थकतो आणि शेवटच्या घरांत पडद्यावर मुंग्या दिसायला लागतात. आणि परतीच्या पावसात गडगडाट सुरू झाला की माझ्या पोटात गोळा यायचा. एक वीज जवळ पडली की तीन-तीन अॅम्प्लिफायर जळून जायचे.

अशीच एक ऑक्टोबरची रात्र. वर्ष २००१. मालिकेत त्या दिवशी काहीतरी मोठं घडणार होतं, आदल्या दिवशीच्या शेवटावरून सगळ्यांना कळलेलं. गाणं सुरू झालं आणि कडाड करून आवाज झाला. वाड्यावरच्या सगळ्या घरांत अंधार पडला नाही, वीज होती, पण पडदे पांढरे. मी बॅटरी आणि बदली अॅम्प्लिफायर घेऊन धावलो. पाऊस थांबला होता, झाडं गळत होती. जळलेला डबा नेमका ओढ्याच्या पलीकडच्या फणसावर. खाली तीन बायका आल्या, त्यांतल्या एकीने छत्री धरली, एकीने बॅटरी. तिसरी ओढ्याच्या कडेला उभी राहिली. तिच्यापासून पुढे घराघरांच्या दारांत एकेक माणूस. मी वरून जोड बसवायचो आणि ओरडायचो, 'आता?' तो प्रश्न त्या ओळीतून शेवटच्या घरापर्यंत जायचा आणि उत्तर तसंच परत यायचं. 'मुंग्या!' 'आवाज आहे, चित्र नाही!' 'चित्र हलतं!' असं पाच-सहा वेळा झालं. मग शेवटच्या घरातून हाक उठली, 'आयलें! आयलें गे आयलें!' आणि ती दारादारातून माझ्यापर्यंत आली, आणि खालच्या तिघी छत्री-बॅटरी घेऊन अशा पळाल्या की मला झाडावरून अंधारात उतरावं लागलं. भागाची शेवटची पाच मिनिटं मिळाली त्यांना. दुसऱ्या दिवशी माझ्या घरी तीन ठिकाणांहून पातोळ्या आल्या.

दुपारी तोच भाग पुन्हा दाखवायचे. रात्री राहून गेलं तर त्याचा आधार. पण वर्षातून दोनदा, मार्चमध्ये आणि सप्टेंबरअखेरीस, सूर्य बरोबर उपग्रहाच्या मागे येतो आणि दिवसा काही मिनिटं छत्रीला सूर्याच्याच आवाजापुढे काही ऐकू येत नाही. आठवडाभर रोज ठरावीक वेळी चित्र जायचं. मी घराघरांत जाऊन आधी सांगून ठेवायचो, उद्यापासून अमुक वेळेला सूर्य आडवा येणार आहे. एका आजींनी मला विचारलं होतं, 'ग्रहण म्हणून काही पाळायचं का?' मी म्हटलं, नको आजी, फक्त टीव्ही बंद ठेवा. त्या आठवड्यात त्या रोज त्या वेळेला देवाकडे दिवा लावायच्या. माझ्या सांगण्यावर त्यांचा विश्वास होता आणि सूर्यावर त्याहून जास्त.

'प्रपंच'चं नाव घेतल्याशिवाय मला राहवत नाही. प्रतिमा कुलकर्णींची मालिका. सुधीर जोशी आणि प्रेमा साखरदांडे त्यात होते. एका घरात इतकी माणसं आणि प्रत्येकाचा स्वभाव वेगळा, पण कुणीही खलनायक नाही. आमच्याकडे चार भावांचं एकत्र कुटुंब असलेली चौकाची घरं तेव्हा अजून होती आणि नेमकी त्याच वर्षांत ती फुटत होती. एका राजांगणात चार टीव्ही, चार कनेक्शनं, चार बिलं, असं करण्याचं काम माझ्या हातून झालंय. धंदा वाढत होता, पण तार भिंतीला भोक पाडून आत घेताना बरं वाटायचं नाही. अशा एका घरात तीन टीव्ही बंद ठेवून सगळी जण थोरल्याच्या खोलीत 'प्रपंच' पाहायला बसलेली मी पाहिली आहेत. भाऊ एकमेकांशी बोलत नव्हते, पण बसलेले होते.

आणि टिपरे. 'श्रीयुत गंगाधर टिपरे'मधले आबा म्हणजे दिलीप प्रभावळकर, ज्यांना आमच्या आधीच्या पिढीने मुंबई दूरदर्शनवर चिमणराव म्हणून पाहिलेलं. आबा दिवसभराचं सगळं डायरीत लिहायचे. त्यांचा शेखर, श्यामला, शलाका आणि शिऱ्या आमच्याकडे नात्यातल्यासारखे झाले होते. माझ्या वडिलांनी ते पाहून वयाच्या एकाहत्तराव्या वर्षी डायरी लिहायला सुरुवात केली. ती माझ्याकडे आहे. बहुतेक पानांवर पाऊस किती पडला, पोफळीला औषध कधी मारलं, कुणाचा तेरावा कधी, एवढंच आहे. पण एका पानावर लिहिलंय, 'आज चित्र नव्हते. मुलगा भिजून आला. जेवला नाही.' हे त्यांनी मला तोंडाने कधी सांगितलं नसतं.

बाकीच्यांबद्दल थोडक्यात. 'वादळवाट'ने पुरुषांना बसवलं. अदिती सारंगधरची रमा आणि शरद पोंक्षेंचा देवराम खांडगळे यांची झुंज पाहायला तिठ्यावरचं चहाचं दुकान लवकर बंद व्हायचं. 'अवंतिका' मृणाल कुलकर्णींसाठी पाहिली गेली. ई टीव्हीवरची 'चार दिवस सासूचे' मात्र माझ्या मते फार ताणली. २००१ ते २०१३, तीन हजारांवर भाग. रोहिणी हट्टंगडींसारख्या अभिनेत्रीला इतकी वर्षं तेच तेच करायला लावणं मला रुचलं नाही. जुनं ते सगळं सोनं असं मी म्हणत नाही. पण त्या वाचकाने सगळ्याच मालिकांना एका फटक्यात मोडीत काढलं, ते चूक आहे.

त्या मालिकांना स्पर्धा नव्हती म्हणून चालल्या, असंही कुणी म्हणेल. स्पर्धा होती. ३ जुलै २००० ला एकाच रात्री स्टार प्लसवर 'कौन बनेगा करोडपती' आणि 'क्योंकि सास भी कभी बहू थी' सुरू झालं आणि माझा फोन आठवडाभर थांबला नव्हता. सगळ्यांना ते चॅनल हवं होतं, मी ते दिलंही. तरी मराठी चॅनल काढ असं एकाही घराने म्हटलं नाही. आणखी एक उदाहरण आमच्या देवळातलं आहे. सोमवारचं भजन मालिकेच्या वेळेवर यायला लागलं तेव्हा मोठी चर्चा झाली, आणि शेवटी भजन तासभर आधी घ्यायचं ठरलं. भजन कमी झालं नाही. उलट बायका आधी भजनाला येऊन मग घरी जायला लागल्या.

माझा धंदा संपला तो सेट टॉप बॉक्समुळे. शहरांत आधी झालं, खेडेगावांची शेवटची मुदत २०१७ च्या मार्चअखेर होती. त्याबद्दल माझी तक्रार नाही, चित्र स्वच्छ आलं हे खरं आहे. मी माझ्या लाईनी दुसऱ्यांना दिल्या आणि कुळागर पाहायला लागलो. पण २०१९ मध्ये प्रत्येक चॅनल निवडून त्याचे वेगळे पैसे भरायची पद्धत आली, तेव्हा वाड्यावरच्या म्हाताऱ्या माणसांचे हाल झाले. कुठलं पॅक, कुठला नंबर, रिमोट दोन-दोन. कंट्रोल रूमवर येऊन 'हें चॅनल आमकां जाय' म्हणायची सोय राहिली नाही. दाराशी बसलेला माणूसच राहिला नाही.

आता मूळ मुद्द्यावर येतो. वहीच्या पानावर पहिला अंगठा देणाऱ्या काकी आज चौऱ्याऐंशी वर्षांच्या आहेत. पोर्तुगीज काळात जन्म, शाळेचं तोंड पाहिलेलं नाही. डोळे बरे आहेत, कान थोडे मंदावलेत. गेल्या पावसाळ्यात त्यांनी मला बोलावून विचारलं, सुधाची मालिका आता कुठे लागते? मोबाईलवर काही जुने भाग मिळतात हे मला माहीत होतं. नातवाकडून फोन टीव्हीला जोडून घेतला आणि त्यांना लावून दिला. पडद्यावर नावं यायच्या आत नातवाने सवयीने बटण दाबलं आणि गाणं वगळून सरळ पहिला प्रसंग सुरू झाला. काकी माझ्याकडे वळल्या. 'गाणें खंय गेलें? तूं गाणें कित्याक कापलें?' गाणं कुठे गेलं, का कापलंस, असं त्या विचारत होत्या. मला मनापासून वाईट वाटलं. पंचवीस वर्षांपूर्वी एखादा जोड ढिला राहिल्यावर वाटायचं तसंच. मागे जाऊन गाणं लावलं. त्या उठल्या, स्वयंपाकघरात जाऊन गॅस बंद करून आल्या, पदर सारखा केला आणि बसल्या. गाणं संपलं तेव्हा त्या तयार होत्या.

पुढच्या भागाला पुन्हा तेच. आपोआप पुढचा भाग सुरू होतो तो गाणं सोडूनच. शेवटी नावं येतात तीही छोट्या चौकोनात ढकलली जातात. म्हणजे गीतकार, संगीतकार, गायिका, संवाद लिहिणारे, कॅमेरा धरणारे, सगळी माणसं एका बटणाने गेली. त्या नावांवरून आमच्या हार्मोनियमवाल्या गुरुजींनी मला एवढं शिकवलं होतं.

आता मी दर रविवारी संध्याकाळी काकींकडे जातो आणि दोन भाग लावून देतो. त्यांच्या शेजारणी येतात. एकतीस घरांतल्या आज नऊ जणी आहेत, त्यांतल्या सात जणी येतात. नऊ जणींना फोन चालवता येत नाही आणि त्यांनी तो शिकावा असं मला वाटत नाही. त्यांना हवं आहे ते एवढंच: टीव्हीवर, ठरलेल्या वेळेला, रोज.

हे अशक्य नाही. २०२० च्या मार्चअखेरीस देशभर सगळं बंद असताना दूरदर्शनने 'रामायण' आणि 'महाभारत' पुन्हा दाखवलं आणि त्याच एप्रिलमध्ये जुन्या मालिकांसाठी डीडी रेट्रो नावाचं वेगळं चॅनलच काढलं. मग मराठीसाठी का नाही? ज्यांच्याकडे 'आभाळमाया', 'प्रपंच', 'टिपरे', 'वादळवाट' यांचे हक्क आहेत, त्यांनी आपल्याच एखाद्या वाहिनीवर दिवसाचा एक तास त्यांना द्यावा. रात्रीचा महागाचा तास मागत नाही. संध्याकाळी दिवेलागणीनंतरचा, जेवणाआधीचा. दूरदर्शनच्या मुंबई केंद्राने 'गोट्या' आणि 'दामिनी'साठी तेच करावं. 'गोट्या'चं शीर्षकगीतही पत्कींचंच आहे, ते आजही आमच्याकडच्या पन्नाशीतल्या माणसांना पाठ आहे. गाणं पूर्ण दाखवावं. शेवटची नावं पूर्ण दाखवावीत, वाचता येतील अशा वेगाने.

आणि आपल्याकडेही एक मागणं आहे. वर्तमानपत्रांत पूर्वी आतल्या पानावर टीव्हीच्या कार्यक्रमांचं वेळापत्रक छापून यायचं. आमच्या वाड्यावर ते कापून कपाटाच्या दाराला चिकटवायचे, काकींच्या कपाटाला अजून त्याचा डिंक आहे. तो तास ठरला तर त्याची वेळ आपण रोज एका ओळीत छापा. मोठ्या अक्षरात. ज्यांना वाचता येत नाही त्यांना वाचून दाखवायला मी आहे.

वेळ कळली की सांगा. काकींच्या टीव्हीचा उजवा स्पीकर खरखरतो, तो मला आधी बदलून ठेवायचा आहे.

आपला नियमित वाचक,
एक जुना केबलवाला
सावईवेरे, फोंडा